मुलीकडचे

माझ्या लग्नाला माझ्याकडून कोण कोण येणार, असं माझ्या होणाऱ्या सासूनं विचारलं तेव्हा आम्ही दोघी टँकरच्या रांगेत उभ्या होतो. तिच्या डोक्यावर चुंबळ होती आणि माझ्या हातात तिची घागर. मी म्हणाले, येतील. एवढंच म्हणाले. पण त्या एका शब्दानं पुढं सहा आठवडे माझा जीव टांगणीला लागला, आणि तो मीच लावून घेतला असल्यामुळे दोष द्यायलाही कोणी नव्हतं.

येणार कोणीच नव्हतं.

लातूरचा नवा जिल्हा होऊन दोन-तीन वर्षं झाली होती. जिकडंतिकडं नव्या पाट्या लागल्या होत्या, ऑफिसं भाड्याच्या घरांत भरत होती, आणि उस्मानाबादहून ट्रकनं आलेली जुनी दप्तरं आम्ही कारकून मंडळी गावांप्रमाणे लावत बसलो होतो. कुठलं गाव इकडं आलं आणि कुठलं तिकडंच राहिलं, त्याचे कागद वेगळे करता करता माझी त्याच्याशी ओळख झाली. तो वस्तीतला, बौद्ध घरातला. मी जुन्या गावातल्या हेडमास्तरांची मुलगी, तिशी गाठलेली, दोन ठिकाणी जमता जमता मोडलेली. आणि जिभेला धार म्हणून तिसऱ्या ठिकाणी कोणी विचारलंच नाही. वर्षभर त्या धुळीत सोबत खोकल्यावर त्यानं एक दिवस सरळ विचारलं आणि मी सरळ हो म्हणाले. वाकडं बोलण्यात माझा हातखंडा, पण तेवढं एक उत्तर सरळ गेलं.

घरी सांगितलं तेव्हा वडील ओरडले नाहीत. त्यांनी माझी ट्रंक आतून उचलून ओसरीवर आणून ठेवली आणि पुन्हा पेपर वाचायला बसले. आई स्वयंपाकघरात होती, ती बाहेर आलीच नाही. मी ट्रंक रिक्षात घातली आणि ऑफिसजवळ एक खोली भाड्यानं घेतली.

हे सगळं मी मायला, म्हणजे त्याच्या आईला, सांगून टाकायला हवं होतं. त्याचंही म्हणणं तेच होतं. पण मायचा एक ठाम समज होता की लग्न दोन बाजूंचं असतं, आणि आईबाप रुसले तरी लेकराच्या लग्नाला येतातच. लग्न आमच्या दारात हाय, तर मुलीकडच्यांची सोय आपणच करायची, म्हणाली. एक दिवस ती कोणालाही न सांगता नवं लुगडं नेसून आमच्या घरी बोलावणं करायला गेली. परत आली आणि मला म्हणाली, घरी कोणी नव्हतं बाई, कुलूप होतं. आमच्या घराला कुलूप लागलेलं मी जन्मात पाहिलं नव्हतं. पण मी काही विचारलं नाही आणि तिनंही पुढं काही सांगितलं नाही.

तो उन्हाळा वाईट होता. नळ आठ-दहा दिवसांनी यायचा, वस्तीत तर टँकरवरच सगळं. त्या दिवसांत मायनं शेजाऱ्याची एक खोली मागून घेतली, चुन्यानं पोतारली, तीत दोन सतरंज्या घातल्या आणि कोपऱ्यात दोन रांजण ठेवले. ते रांजण ती रोज एक-एक घागर घालून भरत होती. स्वतः तांब्याभर पाण्यात आंघोळ करायची. नातवंडं पेला घेऊन त्या खोलीकडं वळली की ती त्यांना हटकायची, ते मुलीकडच्यांचं हाय म्हणायची. मी ते ऐकायची आणि माझ्या भाड्याच्या खोलीवर परत यायची. माझ्या खोट्या पाहुण्यांसाठी ही बाई खरं पाणी साठवत होती. तरी मी तोंड उघडलं नाही. उलट तिनं पुन्हा विचारलं तेव्हा म्हणाले, नांदेडकडून पण येतील दोघी-तिघी.

आता निदान दोघी तरी उभ्या करायला हव्या होत्या.

तशा दोघी होत्या. मोठ्या दुष्काळात आम्ही नांदेडला डी.एड. करत होतो तेव्हा हॉस्टेलात आम्हा तिघींची एक खोली होती. तिथं गावावरूनच हाका मारायची पद्धत. एक माहूरची, तिच्या घरच्यांचं देवीच्या गडाखाली पूजेच्या सामानाचं दुकान. एक किनवटची, बौद्ध, बाप जंगलखात्यात शिपाई. आणि मी लातूरची. हॉस्टेलची विहीर आटली तेव्हा खोलीला दिवसाला एक बादली मिळू लागली. मग एकीनं मोठ्या घमेल्यात उभं राहून आंघोळ करायची, घमेल्यातलं पाणी दुसरीनं कपड्यांना वापरायचं, आणि तिसरीनं नुसतं तोंड पुसून शहाणपण शिकवायचं, असा आमचा पाळीचा नियम होता. मेसमध्ये अमेरिकेतून आलेल्या लाल मिलो ज्वारीच्या भाकऱ्या मिळायच्या. त्या खाल्ल्या की पोट दुखायचं आणि पोट दुखलं की तिघी खदाखदा हसायचो, कारण दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. कोणाच्या हाताचं पाणी कोण पितं हा प्रश्न त्या खोलीत कधी आला नाही. जी पहिल्यांदा लग्न करील तिच्या उरलेल्या दोघी करवल्या, हे तिथंच ठरलं. दुष्काळानं मला शिकवलं ते सगळं मी घरी आल्यावर आठ दिवसांत विसरले.

किनवटचीचं लग्न आधी ठरलं. ती अहमदपूरला मामाकडं पत्रिका द्यायला आली होती, तिथून भावाला घेऊन मुद्दाम लातूरला माझ्या घरी आली. पोस्टानं पाठवली असती तरी चाललं असतं. पण त्यांच्यात अशी रीत की जिला करवली करायचं तिला घरी येऊन न्यावं लागतं. आवाज ओळखून मी उठले तर आईनं माझा दंड धरला. आई जोरानं बोलली नाही, नुसती बघत राहिली. मग ती बाहेर गेली आणि म्हणाली, ती नाही हो घरी, आत्याकडं गेली आहे सोलापूरला. मी मधल्या दाराच्या फटीतून बघत होते. किनवटची ओसरीच्या पायरीखाली उभी होती. माझ्या चपला दारातच होत्या. हॉस्टेलात आमच्या दोघींचा पाय एका मापाचा, त्या चपला तिनं माझ्याइतक्याच वापरलेल्या. तिनं त्यांच्याकडं एकदा पाहिलं, पत्रिका पायरीवर ठेवली आणि भावाला म्हणाली, चल. आईनं तिला पाणी विचारलं नाही. एक हाक मारली असती तर भागलं असतं. मी मारली नाही. आईनं अडवलं असं पुढं मी स्वतःलाच पुष्कळदा सांगितलं, पण आईनं दंड धरला होता, तोंड नव्हे.

आता तिला कोणत्या तोंडानं बोलवायचं? तिच्या लग्नाला गेले नाही, कारण ती ज्या समाजातली त्या समाजात आपल्या पोरीनं जेवायला बसायचं नाही असं घरच्यांचं म्हणणं. आणि आता त्याच समाजात सून होऊन चालले होते, तर ये बाई, माझ्या बाजूला बस? निव्वळ निर्लज्जपणा होता. रोज सकाळी ठरवायची, नाही बोलवायचं. रोज संध्याकाळी वस्तीत जायची, ते रांजण बघायची आणि ठरवलेलं सगळं ढासळायचं. बोलावलं आणि ती आली नाही तर मी सहन केलं असतं. बोलावलं आणि तिनं उलट विचारलं तर काय करणार होते? आणि ती आलीच तर? तिच्याकडं बघून मला उभं तरी राहवणार होतं का? कधी वाटायचं, तिला बोलावण्यात माझं प्रेम नाहीच, नुसती गरज आहे. ते खरंच होतं. पण प्रेमही होतं, आणि ते कुठून वेगळं करायचं ते मला कळत नव्हतं.

माहूरचीचं सोपं होतं म्हणून आधी तिला लिहिलं. सगळं खरं लिहिलं, मुलगा कोण, घरचे का नाहीत ते. आठ दिवसांनी पाकीट आलं. आत खणाचा एक तुकडा आणि देवीच्या कुंकवाची पुडी. चिठ्ठी नव्हती. तिनं नवऱ्याला न सांगता पाठवलं असणार, पाकिटावरचं अक्षरही दुसऱ्या कोणाचं होतं. पुडी हातात घेऊन मी बराच वेळ बसले. रागावले नाही, पण एक माणूस कमी झालं हे मनात मोजलं.

लग्नाला पाच दिवस राहिले तेव्हा मी त्याला चपलांची गोष्ट सांगितली. तोवर सांगितली नव्हती, भीती होती. आपण हिला काय समजत होतो आणि ही निघाली काय, असं त्याला वाटेल ही भीती. तो रेकॉर्डरूमच्या पायरीवर बसला होता. ऐकून त्यानं हातातलं दप्तर बाजूला ठेवलं. मग म्हणाला, "जा. स्वतः जा. पण ती आली नाही तर तिला नाव ठेवायचं नाही, आत्ताच सांगून ठेवतो."

एस.टी.नं नांदेड आणि तिथून रेल्वेनं उमरी. तिचं सासर उमरीला हे मला माहूरचीच्याच एका जुन्या पत्रातून ठाऊक होतं. स्टेशनवर उतरून मास्तरीणबाईंचं घर विचारलं तर एका पोरीनं थेट दारात नेऊन सोडलं. किनवटची ज्वारी निवडत बसली होती. दहा वर्षांत ती भरली होती, केस पुढून पांढरे झाले होते. मला बघून तिनं सूप बाजूला ठेवलं. आधी आत जाऊन पेलाभर पाणी आणलं, पूर्ण भरलेला पेला, आणि माझ्या हातात दिला. मी तो संपवेपर्यंत ती समोर उभी राहिली.

वाटेत सात तास मी माफीची वाक्यं जुळवत आले होते. एकही तोंडातून निघालं नाही. खोलीत तिची सासू बसली होती, शेजारच्या दोघी डोकावून गेल्या. मी फक्त पत्रिका पुढं केली. तिनं ती सावकाश वाचली. नवऱ्या मुलाच्या आडनावावर थांबली, त्यांचं मूळ गाव विचारलं, माय कुठली ते विचारलं. माझ्या घरच्यांबद्दल काही विचारलं नाही. पत्रिकेत माझ्या बाजूनं कोणाचंच नाव छापलेलं नव्हतं, ते तिनं पाहिलं असणारच.

"येते," ती म्हणाली.

नुसतं येते. आनंदानं नाही, रागानंही नाही. मी पुढं काही ऐकायच्या आत उठले, गाडीची वेळ झाली असं सांगितलं आणि निघाले. खरं तर गाडीला तास होता. स्टेशनवरच्या बाकावर बसून मला इतकं हलकं वाटत होतं की मी एकटीच हसत होते. मला वाटलं, सुटले. माफी मागायची राहिली तरी चालतं, ती येणार म्हणजे तिनं सोडून दिलं. लातूरला आल्याबरोबर मायला सांगितलं, माझी एक मैत्रीण नक्की. मायनं त्या खोलीत आणखी एक उशी नेऊन ठेवली.

लग्न दुपारी चारला होतं. वस्तीतल्या मैदानात मांडव, मधून जायला वाट, डावीकडं मुलाकडचे आणि उजवीकडं मुलीकडचे. डावी बाजू तीनलाच भरून वाहत होती. उजवीकडं सतरंज्या पसरलेल्या आणि त्यांवर ऊन. ऑफिसची माणसं आली, पण ती आम्हा दोघांचीही सोबती असल्यामुळे कुठं बसावं ते त्यांना कळेना. शेवटी ती वाटेतच खुर्च्या टाकून बसली. मी पांढरी साडी नेसून समोरच्या घराच्या खिडकीत उभी होते. मायनं दोनदा आपल्या बायांना सांगितलं की चौघी-पाचजणी उजवीकडं बसा, मोकळं दिसायलंय. त्या बसल्या आणि ओळखीच्या हाका आल्या की एकेक करून परत डावीकडं गेल्या.

पावणेचारला किनवटची आली. खांद्याला कापडी पिशवी, घामानं चेहरा लाल. पहाटे निघाली असणार. मांडवाच्या तोंडाशी माय उभी होती. येणाऱ्याला ती विचारत होती, कुणीकडचे, आणि बाजू दाखवत होती. तिलाही विचारलं. मला खिडकीतून सगळं ऐकू येत होतं. किनवटची जरा थांबली. मग म्हणाली, उमरीची. मायनं विचारलं, माहेर कुठलं? किनवट. किनवटला कोणाची? तिनं बापाचं नाव सांगितलं, आईचं गाव सांगितलं, आणि दोन मिनिटांत मायच्या जावेची कोणी भाची तिच्या चुलत भावाला दिलेली निघाली. आमच्याकडं दोन अनोळखी माणसं उभी राहिली की असं नातं निघतंच, ते निघाल्याशिवाय कोणाला चैन पडत नाही. माय हरखली. "आगं मंग तू आमचीच की," म्हणाली आणि तिच्या पाठीला हात लावून डावीकडं घेऊन गेली. किनवटची गेली. मी नवरीची मैत्रीण आहे, हे वाक्य ती बोललीच नाही.

पुढचं मला तुकड्यातुकड्यांत आठवतं. वंदना झाली. लग्न लावणारे गुरुजी म्हणाले, दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांनी येऊन मेणबत्ती लावावी. त्याचा मामा पुढं आला. मुलीकडून, ते पुन्हा म्हणाले. मी खाली बघत होते. उजवीकडं कोणी हललं नाही, हलायला कोणी नव्हतंच. मी एकदा डावीकडं पाहिलं. किनवटची दुसऱ्या ओळीत बसली होती, माझ्याकडंच बघत होती, आणि उठली नाही. मग माय म्हणाली, येतील ते, वाटेत असतील, तुम्ही चालू करा. आणि मेणबत्ती तिनंच लावली. आमच्यावर फुलं पडली तीही सगळी एकाच बाजूनं पडली.

जेवणं चालू असताना मला मुलीकडच्यांच्या खोलीत नेऊन बसवलं, जरा पडावं म्हणून. चुन्याचा वास येत होता. थोड्या वेळानं किनवटची आत आली आणि भिंतीला टेकून बसली.

मी विचारलं, "तिकडं का बसलीस?"

"तुझ्याकडची म्हणूनच आले होते," ती म्हणाली. "तिथं विचारलं तवा तोंडातून निघंना."

मग दहा वर्षांनी एकदाचं मी म्हणाले, "त्या दिवशी मी घरातच होते."

"म्हाईत हाय."

ती हातातल्या रुमालाची घडी घालत होती. घातली, मोडली, पुन्हा घातली. तिला भांडायचं नव्हतं, आवाजही चढला नाही. म्हणाली, "मी समद्यांना सांगून ठेवलं होतं, माझी करवली यायली लातूरहून. मावश्या, बहिणी, समद्या विचारून राहिल्या, कुठं हाय तुझी लातूरची? लगीन थांबवून धरलं थोडं. मंग मी सांगितलं, गाडी चुकली असंल तिची. भावाला शपथ घातली, कोणाला काय बोलू नको म्हणून. माझ्या मायला अजून तेच म्हाईत हाय. किनवटला गेले की विचारती, त्या पोरीला मंग दुसरी गाडी भेटलीच न्हाई का."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या उजव्या बाजूकडं बघताना मांडवात मला जे वाटलं होतं, ते तिनं स्वतःच्या मांडवात सगळ्यांसमोर सोसलं होतं, आणि वर माझी अब्रूही राखली होती. मी तिचा हात धरायला गेले. तिनं धरू दिला, पण तिची बोटं मिटली नाहीत.

तेवढ्यात माय दारात आली. तिच्या हातात झाकलेली परात होती, बुंदी आणि भात, मुलीकडच्यांसाठी काढून ठेवलेलं. घामाघूम झाली होती, आवाज बसला होता. म्हणाली, "पोरी, हे आणखी राखू का? तुझे आईबाप अजून आले न्हाईत."

आता सांगून टाकायचं, असं मी ठरवलं. ते कधीच येणार नव्हते, माय, मी पहिल्या दिवसापासून खोटं बोलले. तोंड उघडलंही. पण माझ्या आधी किनवटची बोलली.

"नका राखू, माय," ती म्हणाली. "त्यांची गाडी चुकली असंल."

माझं माहेर तिथून बाजार ओलांडला की आलं, पायी वीस मिनिटं. माय ते अंतर लुगडं नेसून चालत जाऊन आली होती. तिनं आधी किनवटचीकडं पाहिलं, मग माझ्याकडं, आणि परात कमरेवर घेतली.

"हाव," ती म्हणाली. "उन्हाळ्यात लई चुकतात गाड्या."